‘मूट’चे उलटसुलट अर्थ: कोर्टाच्या कागदात नेमकं काय लिहायचं?

ताई, आधी तुमचा प्रश्न थोडक्यात मांडतो म्हणजे बाकीच्यांनाही समजेल. तुमच्याकडे एकाच घरचे दोन कागद भाषांतराला आलेत. एक आपल्या नागपूर खंडपीठाचा निकाल, शेतीच्या फेरफारावरून भावाभावांत चाललेल्या अपिलातला, त्यात "द मूट क्वेश्चन इज व्हेदर" असं सुरू होणारं वाक्य आहे. दुसरा अमेरिकेतल्या न्यू जर्सीच्या फॅमिली कोर्टाचा आदेश, त्या घरच्या मुलाचं घटस्फोटाचं प्रकरण तिकडे चालू आहे, लेकराला उन्हाळ्यात भारतात आजी-आजोबांकडे आणायची परवानगी मागितली होती आणि कोर्टाने "डिनाइड अ‍ॅज मूट" म्हणून एका ओळीत विषय संपवला. डिक्शनरीत ‘मूट’ (moot) हा इंग्रजी शब्द पाहिला तर पहिला अर्थ वादाचा, चर्चेचा, आणि दुसरा अर्थ निरर्थक, आता ज्याला काही महत्त्व उरलं नाही असा. तुम्ही विचारून राहिल्या की एकाच शब्दाचे हे दोन अर्थ एकमेकांच्या विरुद्ध कसे, आणि कुठे कोणता लिहायचा.

उत्तर आधी देतो, कारण तुम्हाला कागद द्यायची घाई असेल. नागपूरच्या निकालात "निर्णयासाठी असलेला मुख्य प्रश्न असा की" लिहा. न्यू जर्सीच्या आदेशात "आता निर्णय देण्यासारखं काही उरलेलं नसल्याने अर्ज नामंजूर" असं लिहा. डिक्शनरीतला "वादग्रस्त" दोन्हीकडे नको, आणि "निरर्थक" तर पहिल्या कागदात अजिबात नको. आता हे काहून ते सविस्तर सांगतो, कारण हा शब्द तुम्हाला पुन्हा पुन्हा भेटणार आहे आणि दर वेळी वेगळा चेहरा घेऊन येणार आहे.

मी बरीच वर्षं सिव्हिल लाइन्समध्ये कोर्टाच्या कागदांचं भाषांतर करतो, इंग्रजीतून मराठी जास्त. आपल्याकडे जिल्हा आणि तालुका कोर्टांची भाषा 1998 पासून मराठी ठरलेली आहे, आणि हायकोर्ट-सुप्रीम कोर्टाची भाषा घटनेच्या कलम 348 प्रमाणे इंग्रजी. म्हणजे खालून वर जाताना मराठीचं इंग्रजी होतं आणि वरून खाली येताना इंग्रजीचं मराठी, आणि या जाण्या-येण्यात अर्थ कुठे सांडला तर नुकसान वकिलाचं होत नाही, पक्षकाराचं होतं. नरखेड किंवा उमरेडकडचा माणूस, त्याच्या हातात निकालाचं मराठी आलं आणि त्यात "निरर्थक प्रश्न" असं वाचलं की तो समजतो आपल्या केसमध्ये आता काही दम राहिला नाही. तो घरी बसतो. आणि इकडे अपिलाची मुदत चालू असते, जिल्हा न्यायालयात जायचं तर 30 दिवस, हायकोर्टात जायचं तर 90 दिवस, ती मुदत कुणासाठी थांबत नाही. उशीर माफ करून घेता येतो पण त्यासाठी वेगळा अर्ज, वेगळी कारणं, वेगळा खर्च. म्हणून या एका विशेषणावर मी एवढं लिहून राहिलो.

शब्द कुठून आला ते पाहिलं की अर्धा गुंता सुटतो. जुन्या इंग्रजीत, म्हणजे 1066 मध्ये नॉर्मन लोक इंग्लंडात यायच्या आधीच्या काळात, "मोट" किंवा "गेमोट" म्हणजे सभा, लोकांचं एकत्र जमणं. आजचा "मीट", भेटणे, हा त्याच घराण्यातला शब्द. गावाची, परगण्याची, शहराची अशी मोट असायची, तिथे भांडणं मांडली जायची, साक्षी व्हायच्या, निवाडा व्हायचा, आपल्याकडच्या चावडीसारखंच म्हणा ना. राजाला सल्ला देणाऱ्या शहाण्या लोकांची जी सभा होती तिला "विटेनगेमोट" म्हणत, शहाण्यांची सभा. इंग्लंडमध्ये अजूनही काही जुन्या गावांत "मूट हॉल" नावाच्या इमारती उभ्या आहेत, सफोकमधल्या ऑल्डबरो गावचा मूट हॉल सोळाव्या शतकातला आहे. स्काउटमध्ये ज्यांनी काम केलंय त्यांनी "वर्ल्ड स्काउट मूट" ऐकलं असेल, तरुण रोव्हर्सचा जागतिक मेळावा, पहिला 1931 मध्ये स्वित्झर्लंडच्या कांडरश्टेगला भरला होता. तिथे हा शब्द आजही त्याच जुन्या साध्या अर्थाने जिवंत आहे, मेळावा, बस्स.

म्हणजे मुळात हे नाम होतं. विशेषण कसं झालं त्याची वाट लंडनच्या वकिलांच्या इन्समधून जाते. ग्रेज इन, लिंकन्स इन, इनर टेंपल, मिडल टेंपल, या त्या चार संस्था. आपले बाबासाहेब ग्रेज इनमधून बॅरिस्टर झाले, गांधीजी इनर टेंपलमधून. या इन्समध्ये मध्ययुगापासून पद्धत होती की शिकाऊ वकिलांपुढे एक काल्पनिक खटला ठेवायचा, जेवणानंतर ज्येष्ठ लोक न्यायाधीश म्हणून बाकावर बसायचे आणि पोरांनी दोन्ही बाजूंनी युक्तिवाद करायचा. या सरावाला "मूट" म्हणायचे. त्यासाठी निवडलेला मुद्दा कसा असायचा, तर ज्याच्यावर दोन्ही बाजूंनी बोलता येईल, ज्याचं उत्तर अजून पक्कं झालेलं नाही असा. अशा मुद्द्याला "मूट पॉइंट", अशा खटल्याला "मूट केस". सोळाव्या शतकापासून हे विशेषण म्हणून रुळलं. तर पहिला अर्थ हा: ज्यावर वाद घालता येईल, जो अजून खुला आहे, ज्याचा निकाल लागलेला नाही. मुद्दा जिवंत आहे.

आता गंमत बघा, याच इन्समधल्या सरावात दुसऱ्या अर्थाचं बीसुद्धा पडलेलं होतं. खटला काल्पनिक. त्यात खरा वादी नाही, खरी जमीन नाही, कुणाची खरी जप्ती होणार नाही. कोण जिंकलं याने बाहेरच्या जगात कुणालाच फरक पडत नाही. म्हणजे "मूट" मुद्दा हा एका बाजूने पाहिला तर वाद घालण्याजोगा, आणि दुसऱ्या बाजूने पाहिला तर नुसता वाद घालण्यापुरता. इंग्लंडमधल्या लोकांनी पहिली बाजू धरून ठेवली. अमेरिकेतल्या वकिलांनी एकोणिसाव्या शतकात दुसरी बाजू उचलली आणि तिकडे हळूहळू अर्थ झाला: ज्याच्या निकालाने आता कुणालाच काही मिळणार नाही असा, म्हणून कोर्टाने ज्यात पडू नये असा. मुद्दा संपलेला.

अमेरिकेत हा अर्थ एवढा पक्का काहून झाला, तर तिकडच्या घटनेमुळे. त्यांच्या घटनेचं तिसरं कलम फेडरल, म्हणजे केंद्राच्या, कोर्टांना फक्त खऱ्या खटल्यांचा आणि खऱ्या वादांचा निवाडा करायचा अधिकार देतं, नुसता सल्ला द्यायचा नाही. आणि वाद फक्त केस दाखल करताना खरा असून चालत नाही, शेवटपर्यंत खरा राहावा लागतो. मधेच वाद मिटला, कायदा बदलला, मागितलेली गोष्ट मिळून गेली, तर केस "मूट" झाली आणि कोर्ट हात काढून घेतं. राज्यांची कोर्टं आपापल्या नियमांनी चालतात पण हा विचार तिथेही आहे, तुमचा न्यू जर्सीचा कागद त्याचंच उदाहरण.

याचं शिकवण्यासारखं उदाहरण म्हणजे 1974 चं डिफ्युनिस प्रकरण. मार्को डिफ्युनिस नावाच्या एका गोऱ्या विद्यार्थ्याला सिएटलच्या युनिव्हर्सिटी ऑफ वॉशिंग्टनच्या लॉ स्कूलने प्रवेश नाकारला. त्याचं म्हणणं की अल्पसंख्याक उमेदवारांना वेगळ्या निकषाने घेतल्यामुळे माझ्यावर अन्याय झाला. खालच्या कोर्टाने त्याला प्रवेश द्यायला लावला, तो 1971 मध्ये वर्गात बसला. राज्याच्या सुप्रीम कोर्टाने तो निकाल फिरवला, पण प्रकरण वर गेलं आणि तोवर त्याचं शिक्षण चालूच राहिलं. देशाच्या सुप्रीम कोर्टाने निकाल दिला तेव्हा पोरगा शेवटच्या टर्मला होता आणि कॉलेजने सांगून टाकलं होतं की निकाल काहीही लागो, आम्ही त्याला ही टर्म पूर्ण करू देऊ. कोर्टाने पाच विरुद्ध चार मतांनी म्हटलं की केस मूट आहे. बघा, आरक्षणासारखा एवढा पेटता प्रश्न, सगळ्या देशाचं लक्ष लागलेलं, वाद घालायला तर त्याच्याइतका मुद्दा दुसरा नव्हता, आणि तरी कोर्टाच्या भाषेत तो मूट. इंग्लंडच्या अर्थाने तो शंभर टक्के मूट होता कारण त्यावर तुफान वाद होता, आणि अमेरिकेच्या अर्थानेही मूट होता कारण त्या एका मुलाला आता काही मिळवायचं राहिलं नव्हतं. ज्या चार न्यायाधीशांनी विरोध केला त्यांचं म्हणणं होतं की आज टाळलात तरी हा प्रश्न परत येणारच, आणि तो आला, 1978 मध्ये कॅलिफोर्नियाच्या मेडिकल प्रवेशाच्या, ‘बाकी’ (Bakke) नावाच्या उमेदवाराच्या प्रकरणात. मला हे प्रकरण महत्त्वाचं वाटतं कारण यात दिसतं की "मूट" म्हणजे "बिनमहत्त्वाचा" नव्हे. प्रश्न महत्त्वाचा राहतो, त्या पक्षकाराची गरज संपते. मराठीत "निरर्थक" किंवा "फालतू" लिहिलं की हा फरक मरतो.

याला अपवादही आहे. काही वाद असे असतात की कोर्टात पोचेपर्यंत ते संपणारच. गर्भपाताच्या 1973 च्या रो विरुद्ध वेड प्रकरणात हाच पेच होता, नऊ महिन्यांत बाळंतपण होऊन जातं आणि अपील तर वर्षानुवर्षं चालतं, मग अशी केस कधी ऐकलीच जाणार नाही. तेव्हा कोर्टाने म्हटलं की पुन्हा पुन्हा घडू शकणारी पण दर वेळी तपासणीतून निसटणारी गोष्ट असेल तर तिला मूट म्हणून सोडायचं नाही. हा विचार त्याच्याही आधीचा, 1911 च्या एका रेल्वे-गोदीच्या खटल्यातला. रोचा निकाल 2022 मध्ये रद्द झाला पण हा अपवाद तिकडे अजून चालतो.

आता आपल्याकडे या. भारतात संपलेल्या केससाठी कोर्टाचा स्वतःचा शब्द आहे, "इन्फ्रक्च्युअस". पिटिशन हॅज बिकम इन्फ्रक्च्युअस, हे वाक्य ज्याने कोर्टात आठवडाभर काढला त्याने ऐकलंच असणार. लॅटिन "फ्रुक्टस" म्हणजे फळ, त्याला नकार लावलेला, म्हणून मराठीत "निष्फळ" हा अगदी जुळून बसतो, ओढूनताणून नाही. ऑडिटवाल्यांच्या अहवालातही "इन्फ्रक्च्युअस एक्स्पेंडिचर" येतं, वाया गेलेला खर्च. उदाहरण द्यायचं तर, बदलीच्या आदेशाविरुद्ध कर्मचारी कोर्टात गेला आणि तारीख यायच्या आत खात्याने बदली मागे घेतली, याचिका निष्फळ झाली. अमेरिकन कोर्ट इथे "मूट" म्हणेल, आपलं कोर्ट बहुतेक वेळा "इन्फ्रक्च्युअस" म्हणेल, आणि नुसता कायद्याचा मुद्दा तेवढा उरला असेल तर "अ‍ॅकॅडेमिक" म्हणेल.

(या "अ‍ॅकॅडेमिक"वर एक जाता जाता सांगतो कारण "शैक्षणिक प्रश्न" असं भाषांतर मी छापील कागदात पाहिलंय. शाळा-कॉलेजचा इथे काही संबंध नाही. "आता केवळ तात्त्विक उरलेला प्रश्न" किंवा साधं "केवळ चर्चेपुरता प्रश्न" लिहा.)

तर मग आपल्या कोर्टात संपलेल्यासाठी वेगळा शब्द असल्यामुळे "मूट" बिचारा मोकळा राहिला, आणि त्याने भारतात तिसरंच वळण घेतलं. आपल्या निकालांमध्ये "द मूट क्वेश्चन दॅट अरायजेस फॉर कन्सिडरेशन" हे इतक्या वेळा येतं की तो एक ठरीव वाक्प्रचारच झालाय, आणि तिथे त्याचा अर्थ बहुतेक वेळा "ज्यावर सगळा निकाल अवलंबून आहे तो प्रश्न" एवढाच असतो. मराठीत आपण ज्याला कळीचा मुद्दा म्हणतो, तो. इंग्लंडच्या "वाद घालता येईल असा"पासून हे थोडं पुढे सरकलेलं आहे. डिक्शनऱ्या हा अर्थ सहसा वेगळा देत नाहीत, म्हणून तुमच्यासारखी जाणकार बाईसुद्धा अडकते.

तुमच्याच कागदावर हे तपासून बघू. तुमच्या निकालातलं वाक्य असं आहे की मूट प्रश्न हा की केवळ फेरफार नोंदीने प्रतिवादीला जमिनीची मालकी मिळते काय. आता कायदा पाहा. फेरफाराची नोंद महसूल वसुलीपुरती असते, तिने मालकी मिळत नाही की जात नाही, हे सुप्रीम कोर्टाने कितीतरी निकालांत सांगून ठेवलंय, कोणत्याही तलाठ्यालाही हे तोंडपाठ असतं. म्हणजे कायदा म्हणून हा प्रश्न वादग्रस्त अजिबात नाही, त्याचं उत्तर कधीच ठरलेलं आहे. मग "वादग्रस्त प्रश्न" लिहिलं तर चूक. आणि संपलेला तर नाहीच, कारण याच प्रश्नावर पुढे चार पानं लिहून कोर्टाने अपील मंजूर केलंय. दोन्ही डिक्शनरी-अर्थ इथे आपटले. उरतो तो तिसरा, या केसचा निकाल ज्यावर टेकलाय तो प्रश्न. म्हणून "निर्णयासाठी असलेला मुख्य प्रश्न असा की, केवळ फेरफार नोंदीच्या आधारे प्रतिवादीला मालकी हक्क मिळतो काय". अशीलाला हे वाचून एका दमात कळतं की कोर्टाने काय तपासलं. "कळीचा मुद्दा" बोलताना छान वाटतो, वर्तमानपत्रात शोभतो, पण प्रमाणित भाषांतरात मी "मुख्य प्रश्न" किंवा "निर्णायक प्रश्न"च वापरतो, कारण कोर्टाचा आवाज तिथे सपाट असतो आणि तो सपाटच ठेवावा.

पण एवढ्यावर "भारतीय कागद म्हणजे कळीचा, अमेरिकन कागद म्हणजे संपलेला" असा सरसकट नियम करून टाकू नका. आपले न्यायाधीशही अमेरिकन निकाल वाचतात, त्यातले उतारे देतात, आणि हल्ली "द इश्यू इज रेंडर्ड मूट" असं आपल्या निकालातही दिसतं, तिथे अर्थ संपलेलाच. एकाच निकालाच्या पाचव्या परिच्छेदात कळीचा आणि विसाव्यात संपलेला असं होऊ शकतं. मग ओळखायचं कसं, तर शब्दाच्या शेजाऱ्यांवरून. शेजारी "बिकम", "रेंडर्ड", "नाऊ", "डिसमिस्ड अ‍ॅज", "डिनाइड अ‍ॅज" असं काही असेल, म्हणजे काहीतरी घडल्यामुळे मुद्दा तसा झाला असं वाक्य सांगत असेल, तर संपलेला. "इट इज अ मूट पॉइंट व्हेदर", "रिमेन्स मूट" असं असेल तर बहुतेक करून खुला, ज्यावर अजून एकमत नाही. "द मूट क्वेश्चन इज", म्हणजे आधी "द" लागलेला आणि नंतर लगेच प्रश्न मांडलेला, तर आपला कळीचा. आणि सगळ्यात भरवशाची खूण म्हणजे पुढचा परिच्छेद वाचा. कोर्टाने त्या प्रश्नाचं उत्तर दिलं असेल तर मुद्दा जिवंत होता, "त्यात जायची गरज नाही" म्हटलं असेल तर संपलेला. आणखी एक तिसरी शक्यता आपल्याकडे नेहमी असते, "क्वेश्चन ऑफ लॉ इज केप्ट ओपन", म्हणजे या केसपुरतं संपलं पण कायद्याचा प्रश्न पुढच्या कुणासाठी खुला ठेवला. ते वाक्य असेल तर ते कधीच गाळू नका, पुढच्या पक्षकाराला त्याचाच आधार मिळतो.

कोर्टाबाहेर हा शब्द जास्त करून अमेरिकन माणसांशी बोलताना भेटतो. इथल्या मिहान या उद्योग वसाहतीत आयटीत काम करणारी पोरं आहेत, त्यांना तिकडच्या मॅनेजरची मेल येते की क्लायंटने प्रोजेक्टच थांबवलं, सो द डिझाइन क्वेश्चन इज मूट. इथला पोरगा डिक्शनरीतला पहिला अर्थ धरून समजतो डिझाइनवर अजून चर्चा बाकी आहे आणि रात्री जागून तीन पर्याय तयार करतो. मॅनेजरला सांगायचं एवढंच होतं की आता ते राहू दे. अमेरिकन बोलण्यात जवळपास नेहमी संपलेला हाच अर्थ, हे पक्कं लक्षात ठेवायचं. ब्रिटिश माणूस "दॅट्स अ मूट पॉइंट" म्हणाला तर त्याला बहुतेक म्हणायचं असतं की यावर दोन मतं आहेत, बोलू या, पण तिकडच्या तरुण लोकांतही आता अमेरिकन अर्थ शिरलाय, तेव्हा सरळ विचारून घेतलेलं बरं.

क्रियापदाकडेही लक्ष ठेवा, तुम्ही विचारलं नाही पण भेटेल. "टू मूट" म्हणजे चर्चेसाठी पुढे ठेवणे, कल्पना मांडणे. आपल्या इंग्रजी पेपरांचा हा आवडता शब्द, हिवाळी अधिवेशनाच्या दिवसांत तर रोज कुठला ना कुठला प्रस्ताव "मूटेड" असतो. इथे लक्षात घ्यायचं की मूट करणं ही अगदी पहिली पायरी आहे, नुसतं सुचवणं. विदर्भाचंच उदाहरण घ्या. राज्यांची फेररचना सुचवणाऱ्या फजल अली आयोगाने 1955 च्या अहवालात तेव्हाच्या मध्य प्रदेशातल्या आठ मराठी जिल्ह्यांचं वेगळं विदर्भ राज्य करावं असं म्हटलं. कुणी लिहिलं की आयोगाने वेगळा विदर्भ "मूट" केला, तर ते कमी पडतं, आयोगाने शिफारस केली होती, रीतसर, कारणं देऊन. आणि मराठीत आणताना उलट चूक होते, "प्रपोजल मूटेड" असेल तिथे "प्रस्ताव मंजूर" किंवा "निर्णय घेतला" असं छापून येतं आणि लोकांचा समज होतो की काम झालंच. "प्रस्ताव पुढे आला", "कल्पना मांडली गेली", एवढंच. अमेरिकन कायद्याच्या कागदात मात्र "द न्यू स्टॅच्यूट मूटेड द केस" असं आलं तर ते वेगळं, नव्या कायद्याने केस संपवून टाकली.

"मूट कोर्ट"वर फार वेळ घालवत नाही, त्याला मराठीत "अभिरूप न्यायालय" हा चांगला शब्द रुळलेला आहे आणि तोच वापरा, "नकली कोर्ट" नको. तो इन्समधल्या सरावाचाच थेट वारस आहे. बार कौन्सिलच्या 2008 च्या नियमांप्रमाणे लॉच्या विद्यार्थ्याला वर्षात किमान तीन मूट कोर्ट करायला लावता येतात, प्रत्येकाला 10 मार्क, पाच लेखी मांडणीला आणि पाच तोंडी युक्तिवादाला, लॉ कॉलेज चौकात काळा कोट हातावर टाकून पाठांतर करत फिरणारी पोरं दिसतात ती यासाठीच. तिथे फक्त कायद्यावर युक्तिवाद होतो, साक्षीदार नसतात. साक्षीदार उभे करून, उलटतपासणी करून जो सराव होतो तो "मॉक ट्रायल", तो वेगळा, त्याला "अभिरूप खटला" म्हणा म्हणजे दोघांत गल्लत होणार नाही.

उच्चार एका ओळीत: मूट, आपल्या बूट-सूटसारखा. "म्यूट" हा वेगळा शब्द आहे, मुका, आवाज बंद केलेला. "म्यूट पॉइंट" असं बरेच वकीलही बोलून जातात, तुम्ही टाइप करताना तेवढं सांभाळा, कारण देवनागरीत लिहिलं की ती चूक लगेच डोळ्यात भरते.

तुम्ही शेवटी विचारलं की मराठीतून इंग्रजीत करताना हा शब्द वापरावा का. माझं स्पष्ट मत, वापरू नका. कळीचा मुद्दा असेल तर "द मेन क्वेश्चन" लिहा, वाद असेल तर "डिस्प्यूटेड", संपलेला असेल तर इथल्या कोर्टासाठी "इन्फ्रक्च्युअस" आणि बाहेरच्या माणसासाठी "नो लाँगर रिक्वायर्स अ डिसिजन". वाचणारा न्यू जर्सीत बसलाय की नागपुरात हे भाषांतर करणाऱ्याच्या हातात नसतं, आणि ज्या शब्दाला वाचणाऱ्याच्या गावाप्रमाणे उलटा अर्थ येतो तो शपथेच्या कागदात ठेवायचं कारण नाही. मूळ इंग्रजीत असेल तर तो आपल्याला टाळता येत नाही, पण आपण होऊन का आणायचा.

आता तुमचा न्यू जर्सीचा आदेश, कारण माझ्या मते तोच जास्त नाजूक आहे. अर्ज होता उन्हाळ्याच्या सुट्टीत लेकराला भारतात आणण्याचा. सुनावणी होईपर्यंत सुट्टी संपून शाळा सुरू झाली. कोर्टाने परवानगी द्यावी की नाही यावर मतच दिलेलं नाही, फक्त म्हटलं की आता ती सुट्टीच उरली नाही. पण "डिनाइड" आहे म्हणून कुणी नुसतं "अर्ज फेटाळला" लिहिलं तर इकडचे आजी-आजोबा समजतात की कोर्टाने मुलाला पाठवायला नकार दिला, आणि इकडच्या कोर्टात तो कागद लागला तर समोरचा वकीलही तेच म्हणेल, की बघा, तिकडच्या कोर्टाने नाही म्हटलंय. "डिनाइड"चं "निकाली काढला" करता येणार नाही, प्रमाणित भाषांतरात कोर्टाचं क्रियापद बदलायचा आपल्याला अधिकार नाही. म्हणून "नामंजूर" ठेवा, पण कारण त्याच वाक्यात ठेवा, पुढच्या वाक्यात नको, कारण लोक नामंजूरच्या पूर्णविरामावर थांबतात: "विनंती केलेला सुट्टीचा कालावधी उलटून गेल्याने व त्यामुळे निर्णय देण्यासारखे काही उरलेले नसल्याने अर्ज नामंजूर करण्यात येत आहे." कालावधी उलटल्याचं कारण आदेशातच लिहिलेलं असेल तरच पहिला भाग घ्या, आदेशात नसेल तर फक्त दुसरा भाग ठेवा आणि कालावधीची गोष्ट भाषांतरकाराची टीप म्हणून खाली चौकटी कंसात द्या, आपली म्हणून स्पष्ट दिसेल अशी.

आणि त्या ओळीच्या आसपास "विदाउट प्रेज्युडिस" हे दोन शब्द आहेत का ते मूळ प्रतीत नीट पाहा, झेरॉक्सच्या कडेला कधी कधी कापले जातात. असतील तर "पुन्हा अर्ज करण्याचा हक्क अबाधित ठेवून" हे त्याच वाक्यात घाला, कारण पुढच्या उन्हाळ्यासाठी त्या मुलाच्या बापाला नवा अर्ज करायचा झाला तर त्याचा वकील सगळ्यात आधी तेच शोधेल.